सोडून गेलेल्या माणसाचा हिशेब

वाळूजच्या औद्योगिक वसाहतीत दिवाळीचा बोनस हातात पडला की पुढचे काही आठवडे टूलरूमच्या (साचे आणि हत्यारे घडवणाऱ्या विभागाच्या) माणसांची हलवाहलव सुरू होते. बोनस बुडू नये म्हणून थांबलेली माणसे याच काळात नोकरी बदलतात, आणि ज्या कंपन्यांना माणसे हवी असतात त्याही याच दिवसांवर डोळा ठेवून असतात. 2022 च्या नोव्हेंबरात आमच्या कंपनीलाही माणसे हवी होती. दुचाकीचे पत्र्याचे सुटे भाग प्रेसवर काढण्याचे आमचे काम. त्यासाठी लागणारे डाय, म्हणजे पत्र्याला आकार देणारे साचे, आमच्याच टूलरूममध्ये तयार होत. नवी मोठी ऑर्डर आली होती आणि टूलरूममध्ये मात्र पाच जागा रिकाम्या होत्या. मी मनुष्यबळ विभागात नुकतीच रुजू झाले होते, त्यामुळे भरतीची जबाबदारी माझ्याकडे आली.

प्रेसवर उभा राहणारा हेल्पर हवा असेल तर ठेकेदाराला एक फोन पुरतो. टूलमेकर असा मिळत नाही. वाळूजजवळच्या शहराचे, आजच्या छत्रपती संभाजीनगरचे, नाव तेव्हा औरंगाबाद होते. तिथे चिकलठाण्याला जर्मन सहकार्यातून उभी राहिलेली इंडो-जर्मन टूल रूम आहे. तिथली पदविका चार वर्षांची, आणि ती पूर्ण करून बाहेर पडलेला मुलगाही स्वतःच्या भरवशावर डाय उभा करण्याआधी आणखी काही वर्षे कोणा जाणत्याच्या हाताखाली काढतो. आयटीआयतून टूल अँड डाय मेकर किंवा मशिनिस्टचा ट्रेड करून आलेल्यांचेही तसेच. परिणामी ही मंडळी संख्येने थोडी आहेत आणि बहुतेक सगळी एकमेकांना ओळखतात. कोणी एका बॅचचे असतात, कोणी बजाजनगरला एका खोलीत राहिलेले असतात, कोणी एकाच उस्तादाकडे शिकलेले असतात.

संचालकांनी शेजारच्या कंपन्यांपेक्षा महिन्याला तीन हजारांनी जास्त पगार मंजूर केला होता. त्यामुळे माणसांची रांग लागेल अशी त्यांची खात्री होती. मुलाखतींसाठी रविवार ठरवला, कारण चालू नोकरीतून रजा काढून दुसरीकडे मुलाखतीला जाणे कोणालाही अडचणीचे असते.

माणसे आली, परंतु ज्यांना काम थोडे येत होते तीच जास्त वेळ बसून राहिली. ज्यांचा अर्ज वाचून टूलरूमच्या प्रमुखांचे डोळे चमकले होते ती मंडळी चहा घेत, चार वाक्ये बोलत आणि ‘कळवतो’ म्हणून उठत. पगाराचा आकडा ऐकूनही त्यांच्या चेहऱ्यावर विशेष काही उमटत नव्हते. दुपारपर्यंत असे तिघे निघून गेले, आणि मला त्याचा अर्थ लागेना.

दुपारनंतर चाळिशीच्या आसपासचे एक गृहस्थ आले. वाळूजच्याच एका टूलरूममध्ये त्यांची दहाहून अधिक वर्षे गेली होती. आम्ही ट्रेड टेस्ट घेत असू. सरफेस ग्राइंडरवर पोलादाचा एक ब्लॉक 50 मिलिमीटर जाडीला आणायचा, चूक 5 मायक्रॉनपेक्षा (मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग) जास्त नको, असे सोपे दिसणारे काम होते. सकाळपासून ज्यांनी ते केले त्यांनी ग्राइंडिंग संपताच ब्लॉक उचलून मायक्रोमीटर लावला होता. या गृहस्थांनी आधी स्लिप गेज (अचूक जाडीचे प्रमाण ठोकळे) मागवून मायक्रोमीटरचा शून्य तपासला, गेजच्या पेटीवरची कॅलिब्रेशनची तारीख पाहिली आणि ती उलटून गेली आहे हे टूलरूमच्या प्रमुखांना हळू आवाजात सांगितले. ग्राइंडिंग झाल्यावर त्यांनी ब्लॉक आणि मायक्रोमीटर दोन्ही ग्रॅनाइटच्या सरफेस प्लेटवर शेजारी शेजारी ठेवले आणि ते स्वस्थ बसले.

मी कारण विचारले तेव्हा ते म्हणाले, “मॅडम, जॉब अजून तापलेला आहे. दहा डिग्रीचा फरक असला तरी एवढ्या जाडीत सहा मायक्रॉनच्या आसपास फरक पडतो. आत्ता मोजलं तर मी पास होईन आणि जॉब फेल होईल.”

टूलरूमच्या प्रमुखांनी माझ्याकडे नुसते पाहिले. हा माणूस घ्यायचाच, एवढे त्या पाहण्यात स्पष्ट होते.

टेस्टनंतर आम्ही केबिनमध्ये बसलो. मी पगाराचा आकडा सांगितला. ते म्हणाले, “पगाराचं नंतर बोलू. आधी मला थोडं विचारायचं आहे.” त्यांनी जे विचारले ते मी त्याच दिवशी वहीत उतरवून ठेवले, म्हणून आज नेमकेपणाने सांगू शकते. नोकरी कंपनीच्या रोलवर की ठेकेदाराच्या? पगार सात तारखेला होतो की ‘पार्टीचे पेमेंट आले की’ होतो? ओव्हरटाइम दुप्पट दराने मिळतो का, आणि तो पगाराच्या पावतीवर वेगळा दाखवतात की रोखीने हातात देतात? शेवटचा प्रश्न फुटकळ नाही. रोखीने दिलेल्या पैशांची नोंद राहत नाही, आणि पुढे घराच्या कर्जासाठी बँकेत गेले की पावतीवर नसलेले उत्पन्न कोणी धरत नाही.

यानंतरचा प्रश्न ऐकून मी चपापले. त्यांचा तेव्हाचा पगार वीस हजारांच्या थोडा वर होता आणि आम्ही चोवीस देत होतो. ते म्हणाले, “एकवीस हजारांच्या वर गेलं की ईएसआय बंद. माझे वडील डायलिसिसवर आहेत. ते ईएसआयमध्ये बसतात. तुमच्या मेडिक्लेममध्ये आई-वडील धरता का?” ईएसआय म्हणजे ठरावीक पगारापर्यंतच्या कामगारांसाठीची राज्य विमा योजना. आमच्या समूह विम्यात पती-पत्नी आणि मुले एवढेच होते. म्हणजे ज्या पगारवाढीच्या जोरावर आम्ही माणसे ओढू पाहत होतो, ती या घराला महिन्याला तीन-साडेतीन हजार देऊन त्याहून कितीतरी मोठा खर्च गळ्यात टाकणारी होती. जाहिरात लिहिताना आमच्यापैकी कोणाच्या डोक्यात हे आले नव्हते, आणि येण्याचे कारणही नव्हते, कारण ती लिहिणाऱ्यांपैकी कोणाचेच आई-वडील ईएसआयवर अवलंबून नव्हते.

मग त्यांनी खरा प्रश्न विचारला. “जूनमध्ये तुमच्याकडून वायरकटवाले गेले, त्यांचा हिशेब झाला का?”

वायरकट म्हणजे बारीक तारेने, विजेच्या ठिणग्यांनी पोलाद कापणारे मशीन. त्यावरच्या त्या माणसाचे नावही मला ठाऊक नव्हते. मी टूलरूमच्या प्रमुखांकडे पाहिले. त्यांनी नजर टेबलावर ठेवली. उमेदवार उठता उठता म्हणाले, “तुम्ही नव्या आहात, तुम्हाला माहीत नसेल. तो माझ्या बॅचचा. तुमचं ठरलं की सांगा, घाई नाही.” आणि नमस्कार करून ते गेले.

ते गेल्यावर टूलरूमचे प्रमुख म्हणाले, “मॅडम, सकाळपासून जे उठून गेले त्या सगळ्यांना हे माहीत होतं. वाळूजला सगळ्यांना माहीत आहे. फक्त ऑफिसात कोणी बोलत नाही.”

स्थळ पाहायला आलेली माणसे दिवाणखान्यात गोड बोलतात आणि खरी चौकशी शेजारी करून येतात, तसे हे होते. आमचा शेजार म्हणजे आम्हाला सोडून गेलेली माणसे.

मी फाइल काढली. वायरकटवर नऊ वर्षे काम केलेला तो माणूस घरच्या अडचणीमुळे महिन्याची नोटीस पूर्ण न करता गेला होता. त्यामुळे त्याचा शेवटचा पगार, शिल्लक रजेचे पैसे आणि ग्रॅच्युइटी असे सगळेच अडवून ठेवलेले होते. फाइलवर ‘नोटीस पूर्ण नाही, प्रलंबित’ एवढाच शेरा होता. भविष्यनिर्वाह निधीच्या खात्यात नोकरी सोडल्याची तारीखदेखील कोणी भरली नव्हती. परंतु ती सोय 2020 पासून कामगाराला स्वतःच पोर्टलवर करता येते, आणि दोन महिने थांबून त्याने ती करून घेतली होती. बाकीच्या गोष्टी त्याच्या हातात नव्हत्या.

संचालक त्या दिवशी कारखान्यात होतेच. मी फाइल घेऊन त्यांच्याकडे गेले. त्यांचे म्हणणे एका वाक्याचे होते: “नोटीस न देता जाणाऱ्याचे पैसे सोडले, तर उद्या सगळेच असे जातील.” बाहेरून पाहिले तर हे बोलणे अगदीच गैर वाटत नाही. चालू कामाच्या मध्यावर वायरकटचा माणूस गेला की डाय अडतो, डाय अडला की प्रेस थांबते आणि ग्राहकाचे फोन सुरू होतात. तो ताप त्यांनी स्वतः सोसला होता.

मी म्हटले, “साहेब, जितके दिवस नोटीस कमी पडली तितक्या दिवसांचा पगार नेमणूकपत्राप्रमाणे वळता करू. पण ग्रॅच्युइटी त्यासाठी अडवता येत नाही.” तेव्हा लागू असलेल्या 1972 च्या कायद्यात ग्रॅच्युइटी रोखण्याची कारणे मोजकी होती. कंपनीच्या मालमत्तेचे नुकसान, हिंसक वर्तन, नैतिक अधःपतनाचा गुन्हा, आणि तेही त्या कारणावरून कामावरून काढले असेल तर. नोटीस अपुरी असणे त्यात कुठेही बसत नव्हते. रक्कम देय झाल्यापासून तीस दिवसांत दिली नाही तर व्याजही लागत होते, आणि आम्ही पाच महिने ओलांडले होते.

त्यांनी रक्कम विचारली. मूळ वेतन आणि महागाई भत्ता मिळून 19,500. त्याला 26 ने भागून 15 दिवसांचे 11,250 आणि नऊ वर्षांचे 1,01,250 रुपये. मी तिथेच दुसरा आकडाही मांडला. पाच जागांना महिन्याला तीन हजार जास्त, म्हणजे वर्षाला 1,80,000 रुपये आम्ही माणसे आकर्षित करायला खर्चणार होतो, आणि त्यातला एकही रुपया लागू पडत नव्हता, कारण ज्यांना आकर्षित करायचे होते त्यांना आमच्याकडून बाहेर पडताना काय होते हे ठाऊक होते.

ते बराच वेळ गप्प राहिले. माझ्या अनुभवात मालक माणसे अशा वेळी एक तर संतापतात, नाहीतर पुढच्या आठवड्यावर ढकलतात. यांनी टेबलावरचा फोन उचलला आणि त्या वायरकटवाल्याला स्वतः लावला. “उद्या येऊन हिशेब घेऊन जा,” असे सांगितले. आवाजात ओशाळलेपणा नव्हता, उलट थोडा हुकूमच होता. तरी फोन त्यांनी स्वतः केला हे मला महत्त्वाचे वाटते.

पलीकडून जे बोलणे झाले ते स्पीकरवर मला ऐकू येत होते. तो माणूस आधी काही क्षण बोललाच नाही. मग म्हणाला, “साहेब, पैसे द्या, ते तर माझेच आहेत. पण अनुभवाच्या दाखल्यात मला नुसतं ‘ऑपरेटर’ लिहिलंय. मी वायरकटवर प्रोग्रॅम करत होतो, सेटिंग करत होतो, प्रोग्रेसिव्ह डायचे पंच-प्लेट काढत होतो. दाखल्यावर ते नाही म्हणून नव्या ठिकाणी मला खालच्या ग्रेडमध्ये घेतलं. तेवढं बदलून मिळेल का?”

माझ्या मते त्या दिवसातली सगळ्यात मोठी गोष्ट ही होती. एक लाखाहून जास्त रक्कम अडकलेला माणूस आधी आपल्या कामाचे नीट वर्णन मागतो. कुशल माणसाची खरी पुंजी त्याच्या हातात असते, आणि ती दुसऱ्या दारात दाखवायला त्याच्याजवळ असतो तो एवढाच एक कागद. तो कागद लिहिताना आमच्याकडे सगळ्यांसाठी एकच ठरीव मजकूर वापरला जात होता.

दुसऱ्या दिवशी टूलरूमच्या प्रमुखांनी त्याचा दाखला स्वतः बसून लिहिला: कोणते मशीन, कोणता कंट्रोल, कोणत्या प्रकारचे डाय, किती बारीक टॉलरन्सचे काम. पैसे व्याजासह बँकेत जमा झाले. दाखला घ्यायला आलेला तो माणूस टूलरूममध्ये जाऊन सगळ्यांना भेटला, चहा प्याला आणि गेला. परत येण्याबद्दल आम्हीही विचारले नाही आणि तोही बोलला नाही.

त्यानंतर महिन्याभरात पाचपैकी तीन जागा भरल्या. पहिल्या दिवशी ‘कळवतो’ म्हणून गेलेल्यांपैकी दोघांनी आपणहून फोन केला. वडिलांच्या डायलिसिसचा प्रश्न असलेले गृहस्थ मात्र आले नाहीत. आई-वडिलांना विम्यात घेण्याबद्दल मी विमा कंपनीशी बोलले. आधीपासूनच्या आजाराचा खर्च पहिल्या दिवसापासून धरायचा तर हप्ता इतका वाढत होता की संचालकांनी नकार दिला, आणि तो आकडा पाहून मला आग्रहही धरता आला नाही. मी हे त्यांना फोनवर जसेच्या तसे सांगितले. ते म्हणाले, “स्पष्ट सांगितलंत ते बरं केलंत,” आणि आठवड्याने त्यांनी आपल्या हाताखाली शिकलेल्या एका मुलाला आमच्याकडे पाठवले. सरफेस ग्राइंडरवर तिसरी नेमणूक त्याचीच झाली.

वायरकटची जागा पुढेही बरेच दिवस रिकामी होती. त्या कामाचा जो एक खरोखर चांगला माणूस आम्हाला मिळत होता, त्याला चाकणच्या एका कंपनीने आमच्यापेक्षा सात हजार जास्त देऊ केले आणि तो तिकडे गेला. त्याच्या मोठ्या मुलीचा पुण्यात अभियांत्रिकीला प्रवेश झाला होता. तेवढे पैसे आमच्याकडे नव्हते, आणि त्या एका जागेपुरता आमच्या बाकीच्या सुधारणांचा काही उपयोग झाला नाही.