जातं गावातलंच पाहिजे

जनाबाईवरच्या माझ्या एकपात्री प्रयोगासाठी फोन आला की मानधनाचं बोलण्याआधी मी विचारते, गावात जातं आहे का? पलीकडचा माणूस जरा गडबडतो. "जातं? स्टेजवर ठेवायला का? फ्लेक्सवर छापून आणू का मग ताई?" असं एका ग्रामसेवकानं मनापासून विचारलं होतं. नाही बाबा, दगडाचंच पाहिजे. दोन्ही तळ्या शाबूत असलेलं, फिरणारं.

सुरुवातीला मी घरचं जातं घेऊन जायचे. परभणीहून जिंतूरला एसटीनं जाताना कंडक्टरनं त्याचं लगेज लावलं, आणि उतरवताना माझी कंबर धरली ती आठवडाभर. तेव्हापासून जातं त्या गावातलंच. त्यातून एक भलताच फायदा निघाला. जातं शोधायला दोन बाया दुपारपासून घरोघर हिंडतात, म्हणजे प्रयोगाची दवंडी आपोआप होते. ते सापडतं कुठं? गोठ्यात, नाहीतर न्हाणीपाशी पाय घासायच्या दगडाशेजारी. खुंटा बहुतेक गायब. मग कोणाचा तरी नातू बाभळीचं लाकूड तासून आणतो, चिंधी गुंडाळून मी तो भोकात ठोकून बसवते. वैरणीला, म्हणजे जात्यात टाकायला, मूठ-दोन मूठ ज्वारी. जिचं जातं, ती बाई पहिल्या रांगेत, आणि तिचं लक्ष माझ्या अभिनयाकडं कमी, मी खुंटा नीट धरला की नाही याकडं जास्त. तिच्याइतका कडक परीक्षक मला राज्य नाट्य स्पर्धेतही भेटला नाही.

आता स्पर्धेचं निघालंच आहे तर सांगते. मी नाटकात आले ती कॉलेजात, युवक महोत्सवातल्या पथनाट्यापासून. नव्वदच्या आसपासची गोष्ट. परभणीत तेव्हा नाटकवेडी पोरं भरपूर होती. संध्याकाळी स्टेशन रोडच्या चहाच्या टपरीवर ब्रेख्त आणि बादल सरकार या नाटककारांवरून भांडणं चालायची. पण पोरी नव्हत्या. संहिता वाचताना पहिला प्रश्न "बायांचे रोल किती?" दोनपेक्षा जास्त असले की वही मिटली. मुंबई-पुण्याच्या नाटकवाल्यांना हे पटायचं नाही, पण आमच्याकडं कोणतं नाटक करायचं हे दिग्दर्शक ठरवत नसे. तालमीहून रात्री साडेदहाला पोरीला घरी कोण सोडणार, यावर ते ठरायचं. मला सोडायला आमच्या ग्रुपमधले लग्न झालेले एक दादा यायचे, सायकल हातात धरून चालत. लग्न झालेलेच पाहिजेत, ही आईची अट.

एवढ्याशा गर्दीत मला रोल मात्र मोठे मिळाले, हे कबूल केलं पाहिजे. स्पर्धक कोण होतं? नांदेडच्या दत्ता भगतांच्या 'वाटा-पळवाटा'मधली हेमा केली. आणि मग आली बेणारे.

विजय तेंडुलकरांचं 'शांतता! कोर्ट चालू आहे' ज्यांनी केलंय त्यांना ठाऊक आहे, ते नाटक नटीला आधी दोन तास सोलतं आणि मग बोलायला उभं करतं. मी तेव्हा नुकतीच जिल्हा परिषदेच्या शाळेत लागले होते. त्यातली नायिका बेणारेसुद्धा शाळामास्तरीण. आणि १९६७ साली 'रंगायन' या नाट्यसंस्थेच्या प्रयोगात ती पहिल्यांदा उभी करणाऱ्या सुलभा देशपांडेही खऱ्या आयुष्यात शिक्षिका, दादरच्या छबिलदासमध्ये. पुढं १९७१ ला त्यांनी आणि अरविंद देशपांड्यांनी 'आविष्कार' ही संस्था काढली, आणि १९७४ पासून त्याच छबिलदास शाळेच्या हॉलमध्ये प्रायोगिक नाटकं व्हायला लागली. हे मला आमच्या सरांनी तालमीत सांगितलं. बाकी सगळं विसरले, पण शाळेचा हॉल तेवढा डोक्यात बसला. शाळेचा हॉल तर माझ्याकडंही होता! हॉल कसला, पत्र्याचं शेड. पण होता.

आम्ही प्रयोग केला नांदेडला, स्पर्धेत. स्पर्धेच्या दिवसाचं ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: सकाळी टेम्पोत लेव्हल्स, म्हणजे स्टेजवरचे लाकडी चौथरे, फळ्या, खुर्च्या आणि त्यांच्यावर आपण. रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाचं, म्हणजे नाटकाच्या सेन्सॉरचं, प्रमाणपत्र फायलीत आहे ना, हे चारदा बघायचं. आधीच्या संस्थेचं नेपथ्य निघाल्याशिवाय आपलं लागत नाही, आणि घंटा काही थांबत नाही. प्रकाशवाल्याला हातात डिमर आल्यावर कळतं की दोन स्पॉट लागतच नाहीत. अशात पहिल्याच प्रवेशात बेणारेचं बोट दाराच्या कडीत सापडतं, आणि आमची कडी नेमकी टेम्पोत राहिली होती. मी नसलेल्या कडीत बोट चेमटवून घेतलं. परीक्षकांपैकी एकानं नंतर त्याचं कौतुक केलं, "सूचक वापर" म्हणाले. आमच्या नेपथ्यकारानं मान खाली घालून ते कौतुक पचवलं.

शेवटचं लांबलचक स्वगत मी कसं म्हटलं, मला आठवत नाही. अभिनयाचं प्रमाणपत्र मिळालं एवढं खरं. ते लॅमिनेट करून आईनं टीव्हीवर ठेवलं. नाटक मात्र तिथंच संपलं. चार महिने तालीम, एक प्रयोग, आणि लेव्हल्स परत कोणाच्या तरी लग्नाच्या मांडवात. अंतिम फेरीत गेलात तर दुसरा प्रयोग. स्पर्धेनं मराठवाड्यात नाटक टिकवलं हे मी नाकारत नाही. ती नसती तर तेवढंही झालं नसतं. पण नटीला एका प्रयोगात काय कळणार? पहिल्या प्रयोगात नटी फक्त घाबरलेली असते. पात्र सापडायला लागतं ते दहाव्या-पंधराव्याला, आणि तोवर आम्ही पुढच्या वर्षीची संहिता शोधत असायचो. प्रमाणपत्रं साठत गेली, काम काही साठलं नाही.

मग माणसं काय करतात? जातात. औरंगाबादच्या 'जिगीषा' या नाट्यसंस्थेतून चंद्रकांत कुलकर्णी, प्रशांत दळवी, प्रतीक्षा लोणकर मुंबईला गेले आणि त्यांनी मराठी नाटकाचं भलं केलं, त्याचा अभिमान आहेच. पण प्रत्येक तालमीत कोणीतरी म्हणायचंच, "आता मुंबई गाठल्याशिवाय काही खरं नाही." ते ऐकून माझं डोकं फिरायचं. म्हणून २०१२ ला 'शिवाजी अंडरग्राउंड इन भीमनगर मोहल्ला' हे नाटक आलं, तेव्हा मी घरात नाचायचीच बाकी होते. जालना जिल्ह्यातल्या जांबसमर्थचा राजकुमार तांगडे लिहितो काय, नंदू माधव ते बसवतो काय, आणि जालन्याकडची शेतकरी पोरं मुंबईच्या थिएटरात आपल्याच बोलीत बोलतात काय! कोणी बोली धुऊन-पुसून घेतली नाही. आम्ही मात्र वर्षानुवर्षं स्पर्धेसाठी 'करायलेत'चं 'करत आहेत' करत आलो होतो.

मधली बरीच वर्षं लग्न, दोन लेकरं, बदल्या यात गेली. त्याबद्दल लिहिण्यासारखं फारसं नाही. आत्याबाईंनी, म्हणजे माझ्या सासूबाईंनी, नाटक सोड असं कधी म्हटलं नाही. त्या एवढंच म्हणायच्या, "जा की, पण सैपाक करून जा." ज्यांना हे उदारपण वाटतं त्यांनी पाच माणसांच्या भाकरी थापून सात वाजता तालमीला पोचून दाखवावं.

मला परत उभं केलं ते सुषमा देशपांडे यांच्या 'व्हय, मी सावित्रीबाई'नं. हा एकपात्री प्रयोग त्यांनी १९८९ पासून केला, नाट्यगृहात तसा खेड्यापाड्यातही. मी तो पाहिला फार उशिरा. पाहताना सावित्रीबाई दिसल्याच, पण माझ्यातली हिशेबी बाई वेगळंच मोजत बसली होती. टेम्पो नाही. लेव्हल्स नाहीत. डिमर नाही. रात्री घरी सोडायला दादा नकोत. एक बाई, तिची गोष्ट आणि समोर माणसं. आपल्याकडं ज्याची ज्याची कमतरता म्हणून रडत बसलो, ते ह्या बाईनं आधीच टाकून दिलं होतं.

सावित्रीबाई त्यांची. मला माझी बाई शोधायला लांब जावं लागलं नाही. गंगाखेड आमच्याच जिल्ह्यातलं, गोदावरीकाठचं, जनाबाईचं गाव. 'दळिता कांडिता' तर पोरांना पाठच असतं. अभंग, आमच्याकडच्या म्हाताऱ्यांकडून जमवलेल्या ओव्या आणि मधेमधे माझं बोलणं, असं तासाभराचं जुळवलं. सगळी पात्रं एका पदरावर. कमरेला खोचला की जनी. डोक्यावरून पुढं ओढला की नामदेवाची आई गोणाई. पाठीवरून घेऊन मुठीत आवळला की नामदेवाची बायको राजाई, कारण त्या बिचारीच्या संसारात विठ्ठलामुळं कायम ओढाताण.

तारखा ठरवायचं गणित मात्र कोणत्याच नाट्यशास्त्राच्या पुस्तकात मिळणार नाही. दसरा-दिवाळीनंतर बीडकडची गावं ऊसतोडीला निघतात. मागं राहतात म्हातारी माणसं आणि शाळेची लेकरं. ज्या बाईसाठी हा प्रयोग आहे ती तेव्हा सांगली-कोल्हापूरकडं फडात कोयता चालवत असते. मोकळा हॉल आणि कोरं स्टेज मिळतंय म्हणून डिसेंबरात जाण्यात अर्थ नाही. आमच्या भागात कापूस वेचणी असली तर बाया रात्री नऊच्या आधी रिकाम्या होत नाहीत, आणि नऊ वाजता त्या डुलक्या घेतात. सगळ्यात चांगला काळ गुढीपाडव्यापासून मृगापर्यंत. ऊन मरणाचं, पण माणसं घरी असतात आणि अंगणात झोपतात. ३ जानेवारीच्या सावित्रीबाई जयंतीला बोलावणी खूप येतात. त्या दिवशी मात्र माझ्या आधी पाच जणांची भाषणं असतात, आणि माझी वेळ येईपर्यंत लेकरांचं लक्ष खिचडीकडं लागलेलं.

माइकचं एक भांडण कायमचं. स्टँडवरचा माइक भाषणासाठी असतो, त्याला धरून दळता येत नाही. मी मंडपवाल्याला म्हणते, बंद कर. तो म्हणतो, मॅडम, पैसे घेतलेत मी. शेवटी माइक जात्याशेजारी जमिनीवर आडवा ठेवायचा, हा तोडगा निघाला. दगडाची घरघर साऱ्या गावात जाते, आणि माझ्या आवाजाला मी बघून घेते.

प्रयोगात एक जागा आहे. 'डोईचा पदर आला खांद्यावरी, भरल्या बाजारी जाईन मी.' इथं मी पदर खरोखर खाली घेते आणि उठून बायांमधून चालत जाते. पाथरीकडच्या एका गावात एक म्हातारी उठली, माझा पदर उचलून डोक्यावर ठेवला आणि म्हणाली, "घी माय, सगळे बघायलेत." मी पुन्हा खाली घेतला. तिनं पुन्हा वर. मी तिसऱ्यांदा खाली घेतला आणि तीच ओळ परत म्हटली, जरा चढ्या आवाजात. म्हातारी थांबली, माझ्याकडं बघितलं, आणि मागच्या बायांकडं वळून म्हणाली, "जनीच म्हणायली की गं तसं, मग जाऊ द्या." बेणारेच्या स्वगताला जे प्रमाणपत्र मिळालं, ते मी ह्या एका वाक्यावर ओवाळून टाकीन.

आता गुडघे कुरकुरतात. जात्यापाशी एक पाय दुमडून तासभर बसणं जमत नाही, म्हणून यंदापासून जिंतूरकडच्या एका पोरीला प्रयोग शिकवतेय. बी.एड. झालीय, गळा माझ्याहून चांगला, जातं ओढते ते खांद्यातून, मनगटातून नाही. पण ती म्हणते, मी लुगडं नेसणार नाही, कुडता-सलवारवर करणार, ओढणीसुद्धा नको. मी म्हटलं, मग गोणाई कशी दाखवशील? आणि ती पदराची ओळ? ती म्हणाली, "बाई, माझ्या वयाच्या पोरींच्या डोईवर पदर आहेच कुठं खाली यायला? त्यांच्यासाठी ती ओळ कशी म्हणायची ते मला शोधू द्या की." गोणाईसाठी तिनं मान आणि हनुवटीचं काहीतरी काढलंय, ते बरं आहे. राजाई अजून कोणाचीच वाटत नाही. त्या ओळीवर आमचं रोज भांडण होतं. पाडव्यानंतरचा मानवतचा प्रयोग तिच्या नावावर लावलाय, आणि जातं कोणाच्या घरून येणार हे विचारायला तिलाच फोन करायला सांगितलंय.