एकच धडक, दोन निकाल

एकाच धडकेतून दोन दावे उभे राहिले: मोटरसायकल चालवणारा मी आणि मागे बसलेला माझा धाकटा भाऊ. समोरून येणारी कार चौकात एकदम उजवीकडे वळली. माझा पाय मोडला, त्याचा खांदा. मोटार वाहन कायद्याच्या कलम १६६ खाली आम्ही भरपाईसाठी मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात अर्ज केले. २०२२ पासून कायद्यात त्यासाठी अपघातापासून सहा महिन्यांची मुदत आहे, म्हणून पायात सळी असतानाच वकिलांकडे कागद पोचवले.

कलम १६४ चा रस्ताही होता. तिथे चूक कोणाची हे बघत नाहीत, पण गंभीर दुखापतीला ठरावीक अडीच लाख मिळतात आणि ते स्वीकारले की १६६ चा अर्ज संपतो. माझं हॉस्पिटलचं बिलच दोन लाखांवर गेलं होतं. तो विचार तिथेच सोडला.

विमा कंपनीच्या जबाबात लिहिलं होतं की चूक दोघांची समान, त्यामुळे निम्मी भरपाई कापावी. आधार काय, तर पंचनाम्याच्या नकाशात फुटलेल्या काचा रस्त्याच्या मध्याजवळ दाखवल्या होत्या. दोषारोपपत्र कारचालकावर होतं, पण वकिलांनी सांगितलं की त्यावर सगळं ठरत नाही. न्यायाधिकरण पुरावा स्वतः तपासतं. मात्र इथे फौजदारी खटल्यासारखं संशयातीत सिद्ध करावं लागत नाही, कोणाची हकीकत जास्त संभवनीय आहे एवढंच पाहतात. आणि माझी चूक होती असं कंपनीचं म्हणणं असेल, तर ते दाखवणंही तिच्यावरच.

उलटतपासणीत सगळा भर वेगावर होता. चौकात शिरताना वेग किती, कार पहिल्यांदा कधी दिसली, ब्रेक कुठे लावला. मी आठवलं तेवढंच सांगितलं. कारचालक साक्षीला फिरकलाच नाही, आणि ही गोष्ट आमच्या पथ्यावर पडली. तरीही नकाशा आणि ब्रेकच्या खुणा पाहून चौकात वेग पुरेसा कमी केला नाही, असं ठरलं. कारचालकाची चूक ऐंशी टक्के, माझी वीस.

या वीस टक्क्यांचा खरा चटका हिशेबात कळला. दाखल्यावर पायाचं अपंगत्व तीस टक्के होतं. पण अवयवाचं अपंगत्व आणि कमाईची घटलेली ताकद या दोन वेगळ्या गोष्टी, हे सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये स्पष्ट केलं आहे. माझं काम फ्रिज-एसी दुरुस्तीचं, शिडी चढण्याचं. कमाईचं नुकसान वीस टक्के धरलं. महिना वीस हजार, चाळिशीच्या आतला स्वतःचा धंदा म्हणून भविष्यातल्या वाढीचे चाळीस टक्के, वय ३८ म्हणून गुणक (वर्षाच्या नुकसानीला वयानुसार ज्या आकड्याने गुणतात तो) १५: झाले १० लाख ८ हजार. औषधोपचार २ लाख १० हजार, बुडालेली कमाई ८० हजार, वेदना आणि इतर मिळून १ लाख ५२ हजार. एकूण साडेचौदा लाख. कात्री सगळ्यात शेवटी, या पूर्ण बेरजेवर चालली. म्हणजे पावत्यांसकट सिद्ध केलेल्या औषधांच्या पैशांतूनही वीस टक्के गेले. २ लाख ९० हजार वजा, हाती ११ लाख ६० हजार आणि वर व्याज. अपंगत्वाच्या एकेका टक्क्यासाठी लोक दाखल्यांच्या मागे धावतात. नकाशातल्या काचांकडे आधी बघावं, असं मला वाटतं.

भावाचं मात्र काहीच कापलं नाही. त्याने हेल्मेट घातलं नव्हतं, हा मुद्दा कंपनीने उचलला. पण इजा खांद्याला, तेव्हा हेल्मेट नसण्याचा तिच्याशी संबंध नाही, असं उत्तर मिळालं. माझी वीस टक्के चूकही त्याला बाधली नाही. स्वतः निर्दोष असलेला जखमी माणूस दोन्ही वाहनांपैकी कोणाकडूनही पूर्ण रक्कम मागू शकतो, असा २०१५ चा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल वकिलांनी पुढे केला होता. कारच्या विमा कंपनीने त्याला सगळे पैसे द्यावेत आणि माझ्या वाट्याचे माझ्या मोटरसायकलच्या विम्याकडून वसूल करावेत, असा आदेश झाला.

उच्च न्यायालयात अपिलासाठी ९० दिवस होते. मी वीसचे दहा टक्के करून घ्यावेत का, यावर घरात बरीच चर्चा झाली. वकिलांचं म्हणणं पडलं की नकाशा बदलणार नाही, आणि आपण गेलो तर कंपनीही पन्नास टक्क्यांचा हट्ट घेऊन येईल. मी अपील केलं नाही. कंपनीनेही केलं नाही.