नेमक्या कशाच्या दिग्दर्शिका?

"म्हणजे त्या नेमक्या कशाच्या दिग्दर्शिका?"

रात्री घरी 'चश्मेबद्दूर' लागला होता. 'चमको' ही धुण्याची पावडर विकायला आलेल्या दीप्ती नवलच्या प्रसंगावर सगळे हसत असताना, 'स्पर्श' हा गंभीर चित्रपटसुद्धा सई परांजपे यांचाच, असे मी सहज सांगितले आणि भाचीने हा प्रश्न केला. मला पटकन उत्तर सुचले नाही.

पुणे आकाशवाणीवरचे मुलांचे कार्यक्रम, राष्ट्रीय नाट्य विद्यालयातले शिक्षण, मग दिल्ली दूरदर्शन, असा त्यांचा प्रवास. १९८० चा 'स्पर्श' आणि १९८१ चा 'चश्मेबद्दूर' या दोन्हींची बीजे दूरदर्शनसाठी केलेल्या त्यांच्या आधीच्या कामातच होती, म्हणजे अंध मुख्याध्यापकाचा ताठ स्वाभिमान आणि तीन रिकामटेकड्या मित्रांची थट्टा एकाच कार्यशाळेत घडली. पुढे 'अडोस पडोस'सारखी मालिका आली, माहितीपट आले. बालनाट्ये तर मी मोजलीच नाहीत.

'सगळ्याच्या' असे मी भाचीला सांगितले, पण ते मलाच अपुरे वाटले. आज एखाद्या नवोदित दिग्दर्शिकेला विनोदी मालिका आणि माहितीपट, दोन्ही करू देणारी वाहिनी तुम्हांला कुठे दिसते का?