बारगीर

पाडव्यासाठी तीन आठवडे घरी आले आहे. घर म्हणजे ठाण्यात घोडबंदर रोडला वाघबीळ नाक्याच्या आत सातवा मजला, गॅलरीतून मेट्रोचे खांब आणि त्यांच्यामागे येऊरचा डोंगर. पहिल्याच दिवशी लिफ्टमध्ये शेजारचे काका भेटले. "काय गं, घोडबंदरची पोर शेवटी घोड्यांतच गेली म्हणायची!"

हा विनोद ते दर सुट्टीला करतात, आणि दर वेळी मला हसू येतं. पोर्तुगीजांच्या काळात इथल्या खाडीत अरबी घोडे उतरायचे, म्हणून घोडबंदर, असं शाळेत असल्यापासून ऐकत आले. मी या रस्त्यावर वाढले, पण वरातीतल्या घोडीखेरीज एक घोडा पाहिला नाही. आता मात्र मनात हिशेब होतो. घोड्याची साधी चाल ताशी सहा-सात किलोमीटर. संध्याकाळी सात वाजता कापूरबावडीहून वाघबीळला यायचं तर बसपेक्षा घोडा आधी पोचेल.

काकांचा दुसरा प्रश्नही ठरलेला असतो. "मग ऑलिम्पिक कधी?"

म्हणून हे सगळं एकदा लिहूनच काढते. मी रायडर नाही. उत्तर जर्मनीत, फेर्डनजवळच्या एका तबेल्यात मी ग्रूम आहे, म्हणजे घोडे सांभाळणारी. आपल्याकडे यासाठी छान जुना शब्द आहे, मोतद्दार. पण तो सांगितला तर आईला अजून थोडं वाईट वाटतं, "इंजिनिअरिंग सोडून?" असं. ठाण्याहून पहाटेच्या लोकलनं दादर, तिथून महालक्ष्मी, आणि रेसकोर्सवर सकाळी सहाला रायडिंग शिकून परत कॉलेज, असं मी तीन वर्षं केलं. त्याचा शेवट असा व्हायचा होता. जर्मनीत घोडे सांभाळण्याचं रीतसर तीन वर्षांचं शिक्षण असतं. निम्मा वेळ शेण काढण्यात जातो आणि त्याचेही मार्क मिळतात.

मी जिच्याकडे काम करते ती बाई ड्रेसाज (घोड्याच्या शिस्तीच्या चालींची स्पर्धा) आणि इव्हेंटिंग (तीन प्रकार मिळून एक स्पर्धा) दोन्ही करते, आंतरराष्ट्रीय पातळीवर. तबेल्यात तिला सगळे 'शेफिन' म्हणतात, म्हणजे बाईसाहेब. दिवस साडेपाचला सुरू होतो. आधी गवत, मग दाणा. घोड्याला उलटी करता येत नाही, त्यामुळे पोटात काही अडकलं तर जिवावर बेततं. म्हणून सकाळी पहिलं काम म्हणजे रात्रीची लीद मोजणं. लीद कमी दिसली की माझ्या पोटात गोळा येतो. मग खरारा, खूर साफ करणं, पायांना पट्ट्या, खोगीर. शेफिन सात वाजता येते आणि दुपारपर्यंत आठ घोड्यांवर बसते. प्रत्येकावर चाळीस मिनिटं. त्यातला एखादाच यंदा स्पर्धेत उतरणार असतो. बाकीचे 'पुढचे' असतात, म्हणजे चार-पाच वर्षांनी कदाचित.

ड्रेसाज पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मला कंटाळा आला होता, खरं सांगते. वीस बाय साठ मीटरचं वाळूचं मैदान, कडेला अक्षरं, आणि एक घोडा तिरका तिरका चालतोय. प्रत्येक हालचालीला शून्य ते दहा गुण. ती अक्षरं सरळ क्रमानं नसतात, हे आणखी एक. लहान मैदानातली आठ पाठ करायला मी मराठीत ओळ केली: 'आज काका एकटे हिंडत चालले, मामा बसला फुगून'. ए, के, ई, एच, सी, एम, बी, एफ. आमच्याकडची एक जर्मन मुलगी आता हीच ओळ म्हणते, अर्थ न कळता.

सहा महिन्यांनी शेफिननं मला एका म्हाताऱ्या घोड्यावर बसवलं आणि 'पिआफ' कर म्हणाली. म्हणजे दुडकी चाल, पण जागच्या जागी. मी पाय आवळले, लगाम ओढला, घोडा शांतपणे मागे सरकला. मग ती बसली. तिनं काय केलं ते मला दिसलंच नाही, आणि घोडा जागच्या जागी नाचायला लागला. मराठीत 'मांड पक्की' म्हणतात ते मला त्या दिवशी कळलं. ती मांड यायला शेफिनला वीस वर्षं लागली.

इव्हेंटिंगला जर्मन लोक जो शब्द वापरतात त्याचा अर्थ 'अष्टपैलूपणा'. हा घोडदळातून आलेला खेळ, 1912 पासून ऑलिम्पिकमध्ये आहे. ड्रेसाज, मग क्रॉसकंट्री (मोकळ्या रानातल्या अडथळ्यांवरून धाव), मग जंपिंग (मैदानातल्या दांड्यांवरून उड्या), तिन्हीला तोच घोडा आणि तोच स्वार. लग्नात वाढपी, आचारी आणि भटजी एकच माणूस असावा तसं. दोन्ही खेळांत वरच्या पातळीवर टिकणारे फार थोडे. म्युन्स्टरचे राइनर क्लिम्के वकील होते. 1960 ला रोममध्ये ते इव्हेंटिंगमध्ये उतरले आणि पुढे ड्रेसाजमध्ये सहा ऑलिम्पिक सुवर्णपदकं मिळवली. त्यांची मुलगी इंग्रिड 2008 आणि 2012 ला इव्हेंटिंगच्या सुवर्ण मिळवणाऱ्या संघात होती, आणि ड्रेसाजही तितक्याच हौसेनं करते. आमच्या तबेल्यात तिचं नाव आपल्याकडे लताबाईंचं घेतात तसं घेतात.

क्रॉसकंट्रीच्या दिवशी मी जेवत नाही. चार-स्टार, म्हणजे वरच्या पातळीच्या स्पर्धेत घोडा मिनिटाला साधारण 570 मीटर धावतो, म्हणजे ताशी चौतीस किलोमीटर. वाटेत ओंडके, खंदक, पाणी. जंपिंगचे दांडे पाय लागला की पडतात, इथले ओंडके बहुतेक जागचे हलत नाहीत. घोडा एकदा अडला की वीस दंडगुण. स्वार पडला की खेळ संपला. शेफिन आदल्या दिवसापासून तो मार्ग तीन-चार वेळा पायी चालते, कोणत्या झाडापाशी वळायचं ते पुटपुटत. मी शेवटच्या रेषेपाशी बादल्या, बर्फ आणि थर्मामीटर घेऊन उभी. घोडा येतो तो वाफाळलेला, नाकपुड्या लाल. खोगीर उतरवायचं, पाणी ओतायचं, चालवत राहायचं, पुन्हा पाणी, पुन्हा ताप बघायचा. रात्री पायांना बर्फ. कारण रविवारी सकाळी पशुवैद्य आणि पंच प्रत्येक घोड्याला त्यांच्यासमोर दुडकत न्यायला लावतात. जरा लंगडला तर घरी. शनिवारी पहिला असलेला घोडा रविवारी जंपिंगला नसतो, असं मी पाहिलंय.

आई दर सुट्टीला डबे भरून देते, त्याचं तिकडे एक वेगळंच प्रकरण होतं. ठेचा माझ्या खोलीबाहेर जात नाही. मिरचीतला तिखटपणाचा अर्क, कॅप्सेसिन, घोड्यांच्या बंदी असलेल्या पदार्थांत येतो. 2008 च्या बीजिंग ऑलिम्पिकमध्ये जंपिंगचे चार घोडे त्यापायी बाद झाले आणि नॉर्वेच्या संघाचं कांस्यपदक गेलं. खसखशीतून मॉर्फीनचा अंश जाऊ शकतो. म्हणजे अनारसेही बंद. चॉकलेटही. अनारसा खाऊन मी कोपरापर्यंत हात धुते, सर्जनसारखे. आईला हे सांगितलं तर म्हणाली, "मग घोड्यालाच एक द्यायचा ना, कुणाला कळतंय!" कळतं, आई. लघवी तपासतात.

बायकांची स्पर्धा वेगळी असते का, हाही आईचाच प्रश्न. नसते, या खेळात सगळे एकत्र. पण तसं नेहमी नव्हतं. ऑलिम्पिकमध्ये 1948 पर्यंत बायका घोड्यावर बसू शकत नव्हत्या, आणि लष्करातून फक्त अधिकारीच बसू शकत. त्या वर्षी ड्रेसाज जिंकणाऱ्या स्वीडनच्या संघातला पर्सन नावाचा स्वार मुळात सार्जंट होता. त्याला स्पर्धेपुरती बढती दिली होती, हे उघडकीला आलं आणि पुढच्या वर्षी संघाचं सुवर्ण काढून घेतलं. मग नियम बदलला. 1952 ला हेलसिंकीत त्याच पर्सनसह स्वीडननं पुन्हा सुवर्ण घेतलं. आणि डेन्मार्कच्या लिस हार्टेल या बाईनं वैयक्तिक रौप्य. पोलिओनं त्यांचे गुडघ्याखालचे पाय गेले होते, घोड्यावर चढायला-उतरायला माणूस लागायचा.

आता मुद्द्यावर येते. काकांना वाटतं, रायडरकडे घोडा असतो. मलाही वाटायचं. मराठ्यांच्या फौजेत स्वतःचा घोडा घेऊन येणारा तो शिलेदार, आणि सरकारी पागेतला घोडा मिळणारा तो बारगीर, हे आपण शाळेत वाचलेलं. या खेळात वर पोचलेले बहुतेक जण बारगीर आहेत. घोडा कुणा उद्योगपतीचा, कुणा विधवा बाईंचा, कधी चौघांनी मिळून घेतलेला. स्वार त्याला चार वर्षांचा असल्यापासून घडवतो, दहा वर्षांचा झाला की तो पदकाच्या लायकीचा होतो, आणि तेव्हाच त्याला सगळ्यात जास्त किंमत येते. घोडं पेंड खातं ते इथे. 2010 साली नेदरलँड्सच्या एडवर्ड गालनं टोटिलास नावाच्या काळ्या घोड्यावर जागतिक स्पर्धेत तीन सुवर्णं मिळवली. काही आठवड्यांत घोडा जर्मनीला विकला गेला. गाल मागे राहिला, घोडा दुसऱ्या स्वाराखाली गेला, आणि ती जादू दोघांनाही परत सापडली नाही.

आपला इव्हेंटिंगवाला फवाद मिर्झा ज्या घोड्यांवर पुढे आला तेही एम्बसी या उद्योगसमूहाचे. ज्या सेन्यूर मेडिकॉटवर त्यानं 2018 च्या एशियाडमध्ये वैयक्तिक आणि सांघिक रौप्य घेतलं आणि टोकियोत 23 वा आला, त्यावर आधी जर्मनीच्या बेटिना हॉय बसायच्या. फवाद त्यांच्याकडेच शिकत होता. बेटिनाबाईंची गोष्ट तिकडे प्रत्येक शिकाऊ मुलीला सांगतात. 2004 ला अथेन्स ऑलिम्पिकमध्ये त्यांनी जंपिंगच्या फेरीत सुरुवातीची रेषा चुकून दोनदा ओलांडली, घड्याळ आधीच सुरू झालं. निकाल फिरत राहिला, आणि शेवटी लवादानं वैयक्तिक आणि सांघिक दोन्ही सुवर्णं काढून घेतली. म्हणून रेषा कुठे आहे हे शेफिन अजून तीनदा विचारते, आणि मी तीनदा सांगते.

आमच्याकडे एक तपकिरी घोडा होता. पासपोर्टवर त्याचं नाव लांबलचक, मी त्याला बंड्या म्हणायचे. (हो, घोड्याला पासपोर्ट असतो. युरोपात तो माझ्यापेक्षा सहज फिरतो. माझ्या कागदांसाठी मी एका कचेरीत पाच महिने खेपा घातल्या, त्या काळात बंड्या चार देशांत जाऊन आला.) शेफिननं त्याला सहा वर्षं घडवलं. गेल्या शरदात मालकाचं वय झालं आणि त्याच्या मुलांनी घोडा विकायला काढला. खरेदीदार दोनदा येऊन गेले, पायांचे एक्स-रे निघाले, आणि एका मंगळवारी ट्रक आला. मी त्याची आयाळ विंचरली, शेपटीला प्रवासाची पट्टी बांधली, गवताची जाळी ट्रकमध्ये टांगली. शेफिननं त्याला स्वतः चढवलं. मग हात झटकले आणि म्हणाली, पाच वर्षांची घोडी तयार कर, दहा मिनिटांत. मी खोगीर आणायला गेले आणि खोगिराच्या खोलीत बसून रडले. ती त्या दिवशी नेहमीपेक्षा अर्धा तास जास्त बसली घोडीवर.

हांगझोऊच्या एशियाडमध्ये 26 सप्टेंबर 2023 ला भारतानं ड्रेसाजचं सांघिक सुवर्ण घेतलं, तेव्हा मी लीद काढता काढता फोनवर बघत होते. अनुष अगरवाला, हृदय छेडा, दिव्यकृती सिंग, सुदीप्ती हजेला. घोडेस्वारीत 1982 नंतरचं पहिलं सुवर्ण. हृदय मुंबईचा, म्हणून मी उगाच जास्त ओरडले. कोलकात्याचा अनुष सतराव्या वर्षी जर्मनीला आला आणि पुढे पॅरिसमध्ये ऑलिम्पिक ड्रेसाजला उतरणारा पहिला भारतीय ठरला. हे सगळे युरोपात तयार झाले, कारण भारतातून घोडा युरोपात नेणं रोगराईच्या नियमांमुळे भलतंच अवघड होतं. इथे माणूसच घोड्याकडे जातो.

"आमच्या मुलीलाही पाठवू का?" असं दोघांनी विचारलं. पाठवा, पण आधी तिला एक वर्ष शेण काढू द्या. पैशाचं विचारू नका. हौस असलेल्यांना ते पुरत नाहीत आणि नसलेल्यांना ते दिसत नाहीत.

परवा रात्री ब्रह्मांडच्या सिग्नलला वरात अडकली होती. पांढरी घोडी, झूल, डोळ्यांवर झालरी, बँडचा धिंगाणा. ती उजवा मागचा पाय उचलून उचलून टेकवत होती. मी रिक्षातून उतरले आणि धरणाऱ्या पोराला म्हटलं, दादा, नाल सैल झालाय, खिळा आत जाईल. त्यानं वाकून खूर उचलला, अगदी बरोबर, गुडघ्यांत धरून. "उद्या नालबंद येणारे, ताई. तुमच्याकडे घोडे आहेत का?"

"नाहीत. मी फक्त सांभाळते."

"मी पण," तो म्हणाला. "मालक कल्याणला." नवरा वरून ओरडला, पुढे घे, पुढे घे. त्या पोरानं घोडीला सिग्नलच्या कडेला घेतलं, आणि नवऱ्याला उतरून गाडीत बसायला सांगितलं.