सिझिजी नावाचं जू

काही शब्दांचा अर्थ कळायच्या आधीच त्यांच्या स्पेलिंगची भीती वाटते. सिझिजी हा त्यातलाच. एस, वाय, झेड, वाय, जी, वाय. ए, ई, आय, ओ, यू यांच्यापैकी एकाचाही पत्ता नाही आणि वाय मात्र तीन तीन. हँगमनमध्ये, म्हणजे अक्षरं ओळखून शब्द लावायच्या खेळात, समोरच्याला हरवायचं असेल तर यासारखं हत्यार नाही, कारण माणूस आधी सगळे स्वर संपवतो आणि तोवर फासावरचा माणूस जवळजवळ पूर्ण काढून झालेला असतो. देवनागरीत लिहिला की मात्र सगळा धाक जातो, सिझिजी, एखाद्या लाडक्या मांजरीचं नाव असावं तसा दिसतो.

शब्द दुर्मिळ आहे पण तो ज्याला लावतात ती गोष्ट अजिबात दुर्मिळ नाही, ही मला त्यातली पहिली गंमत वाटते. खगोलशास्त्रात सिझिजी म्हणजे तीन गोल साधारण एका रेषेत येणं. सूर्य, चंद्र आणि पृथ्वी धरली तर हे महिन्यातून दोनदा होतं, एकदा अमावस्येला आणि एकदा पौर्णिमेला. म्हणजे वर्षाला चोवीस-पंचवीस सिझिज्या आपल्या डोक्यावरून जातात आणि आपल्याला पत्ताही नसतो. यातल्या बहुतेक वेळा रेष जरा वाकडीच असते कारण चंद्राची कक्षा पृथ्वीच्या कक्षेला सुमारे ५ अंशांनी तिरकी आहे, त्यामुळे अमावस्येचा चंद्र सूर्याच्या थोडा वरून नाहीतर खालून निसटतो. दोन कक्षा एकमेकींना छेदतात त्या बिंदूंच्या (म्हणजे आपले राहू-केतू) जवळ असताना सिझिजी झाली तरच ग्रहण. ग्रहणं वर्षातून कमीत कमी ४ आणि जास्तीत जास्त ७, सूर्याची आणि चंद्राची, अगदी डोळ्यांना न जाणवणारी छायाकल्प ग्रहणंसुद्धा धरून. बाकीच्या सिझिज्या फक्त समुद्राला कळतात. सूर्यामुळे येणारी भरती चंद्रामुळे येणाऱ्या भरतीच्या जेमतेम निम्मी असते, पण दोघं एका रेषेत आले की ती तिच्यात मिसळते आणि उधाण येतं, आणि अष्टमीच्या आसपास दोघं काटकोनात असले की वजा होते आणि भांगाची भरती येते. उधाण बरोब्बर त्याच दिवशी येतं असंही नाही, बऱ्याच किनाऱ्यांवर ते एक-दोन दिवस मागाहून येतं, पाण्याला हलायला वेळ लागतो.

हा शब्द आकाशासाठी वापरायची पद्धत जुनी आहे. इसवी सनाच्या दुसऱ्या शतकात टॉलेमी या ग्रीक खगोलशास्त्रज्ञानं जो मोठा ग्रंथ लिहिला त्याचा सहावा भाग याच विषयावर आहे, अमावस्या-पौर्णिमेचा नेमका क्षण कसा काढायचा आणि त्यावरून ग्रहण कसं सांगायचं. आपल्याकडच्या ज्योतिषगणितातही त्या क्षणाला वेगळं नाव आहेच, पर्वान्त. पर्व म्हणजे मुळात सांधा, बांबूचं पेर असतं ते पेर. टॉलेमीनं त्याच क्षणाला जोडी म्हटलं, आपल्या लोकांनी पेर म्हटलं. मला आपलं जास्त आवडतं, कारण महिना हा एक लांब कांड आणि मध्ये मध्ये त्याची पेरं ही कल्पना चांगलीच सुटसुटीत आहे. 'युती' हाही शब्द होता खरं तर, शास्त्रीय मराठीत ग्रहांच्या जवळ येण्याला आजही युती म्हणतात आणि समोरासमोर येण्याला प्रतियुती, पण आता बातमीत युती म्हटलं की डोळ्यासमोर ग्रह येत नाहीत, जागावाटप येतं.

आता शब्दाच्या पोटात काय आहे ते बघू, कारण पुढचं सगळं त्यावर उभं आहे. ग्रीकमध्ये 'सिन' म्हणजे सोबत आणि 'झायगॉन' म्हणजे बैलांच्या मानेवर ठेवतात ते जू. सिझिजी म्हणजे एका जुवाला जुंपलेली जोडी. आणि हे झायगॉन आपल्यापासून लांबचं नाही, संस्कृतातलं युग, युग्म, योग हे सगळे त्याच घराण्यातले, आणि त्या 'युग'चं झिजत झिजत मराठीत जे झालं ते चक्क 'जू'. म्हणजे ग्रीक माणसानं ज्या लाकडावरून हा भारदस्त शब्द बनवला त्याच लाकडाचं नाव आपण एका अक्षरात घेतो. जीवशास्त्राच्या पुस्तकातला झायगोटही याच झायगॉनवरून आला, आणि त्याला मराठी पाठ्यपुस्तकात युग्मनज म्हणतात तेव्हा कुणी तरी फार विचार करून तोच धातू परत आणलेला असतो, मुलं भले त्या शब्दाला हसोत.

डिक्शनरी उघडली तर सिझिजीचे पाच-सहा तरी अर्थ सापडतात आणि पहिल्यांदा वाचताना वाटतं की या शब्दाला कुणी धड मालकच नाही. खगोलात एक, गणितात दुसरा, प्राणिशास्त्रात दोन, छंदशास्त्रात एक, मानसशास्त्रात एक. पण जू डोक्यात ठेवून परत वाचलं की कळतं की प्रत्येक शास्त्राला कधी ना कधी हेच म्हणायचं होतं की या दोन गोष्टी एकमेकींपासून मोकळ्या नाहीत. कोण किती बांधलेलं आहे एवढाच फरक. आणि माझं मत विचाराल तर ज्या आकाशामुळे हा शब्द टिकला तिथेच तो सगळ्यात कमी शोभतो, कारण सूर्य-चंद्र एका रेषेत येतात आणि निघून जातात, कुणी कुणाला जुंपलेलं नसतं.

गणितात मात्र तो अगदी फिट बसलाय. तो तिथे आणला जेम्स जोसेफ सिल्व्हेस्टर या इंग्रज गणितज्ञानं. या माणसाला नवीन शब्द पाडायचा नादच होता, मॅट्रिक्स हा शब्द गणितात त्यानंच १८५० मध्ये आणला, आणि इतक्या गोष्टींना नावं ठेवली (चांगल्या अर्थानं) की स्वतःला गणितातला ॲडम (बायबलातला, प्राण्यांना नावं देणारा पहिला माणूस) म्हणवून घ्यायचा. १८५३ च्या त्याच्या एका लांबलचक निबंधाच्या नावातच सिझिजी आहे. कल्पना अशी आहे, समजा क, ख, ग अशा तीन राशी आहेत आणि त्यांच्या तीन जोड्या केल्या, कख, खग आणि गक. वरवर बघता तिन्ही वेगळ्या आणि स्वतंत्र. पण पहिलीला ग नं गुणा, दुसरीला क नं गुणा, दोन्हीकडे कखगच येतं. म्हणजे त्या स्वतंत्र नाहीत, त्यांच्या मानेवर न दिसणारं जू आहे, आणि त्या नात्याला म्हणायचं सिझिजी. दुसरी आणि तिसरीत असंच नातं, पहिली आणि तिसरीत पण. झाली तीन नाती. आता ही तीन नाती तरी एकमेकांपासून स्वतंत्र आहेत का, तर नाहीत, कारण पहिली दुसरीशी बांधलेली आणि दुसरी तिसरीशी बांधलेली म्हटल्यावर पहिली-तिसरीचं वेगळं सांगायची गरजच उरत नाही. म्हणजे नात्यांमध्येही नातं निघालं. ही सिझिजींची सिझिजी. मग त्या नात्यांच्या नात्यांमध्ये नाती असतील का, आणि त्यांच्यात, आणि असं कुठवर?

इथे साधारण माणूस पुस्तक मिटतो, पण डेव्हिड हिल्बर्ट या जर्मन गणितज्ञानं १८९० मध्ये सिद्ध केलं की हे कायमचं चालत नाही. जितक्या राशी घेतल्यात जास्तीत जास्त तितक्या पायऱ्यांमध्ये ही नात्यांची शिडी संपवता येते. याला हिल्बर्टचा सिझिजी प्रमेय म्हणतात, आणि आज सिझिजी हा शब्द रोजच्या कामात खरोखर वापरणारे लोक कोण असतील तर ते बीजगणितवाले. ते 'यातल्या सिझिजी काढ' असं अगदी सहज बोलतात, कॉम्प्युटरला तशी आज्ञाही देतात, आणि त्यांच्या मनात ना चंद्र असतो ना भरती.

सिल्व्हेस्टरचं एवढ्यावर भागलं नाही. त्याला कवितेचंही वेड होतं. १८७० मध्ये त्यानं काव्यरचनेच्या नियमांवर एक पुस्तक काढलं आणि त्यातही सिझिजी आणून बसवली, ओळीतले ध्वनी एकमेकांत कसे गुंतत जातात त्याला त्यानं हे नाव दिलं. स्वतः त्यानं एक कविता केली होती जिच्या शेकडो ओळी एकाच मुलीच्या नावाशी यमक जुळवतात. ऐकणाऱ्यांचं काय झालं असेल याची कल्पनाच केलेली बरी.

प्राणिशास्त्रात आलं की जू एकदम हाडामांसाचं होतं, म्हणजे हाडंही नाहीत आणि मांसही नाही कारण ग्रेगॅरिन हे एकपेशीय परजीवी, किड्यांच्या आणि गांडुळांच्या शरीरात राहणारे. त्यातले पुष्कळसे वाढ झाली की एकाच्या मागे एक असे चिकटतात, पुढचा प्रिमाइट आणि मागचा सॅटेलाइट, आणि या जोडीलाच सिझिजी म्हणतात. पुढे दोघं मिळून स्वतःभोवती एकच कवच करतात, आत प्रत्येक जण आपले युग्मक, म्हणजे प्रजननपेशी, तयार करतो आणि त्यांच्यातून युग्मनज बनतात. झायगॉनपासून निघालेला एक शब्द झायगॉनच्याच दुसऱ्या शब्दाला जन्म देतो, आणि हे कुणी मुद्दाम जुळवून आणलेलं नाही.

वनस्पतींमध्ये तर हा शब्द उघड्यावर पडलेला आहे आणि तरी कुणाच्या लक्षात येत नाही. सायझीजियम ही झाडांची हजाराहून जास्त जातींची प्रजाती, तिचंही नाव याच 'जुंपलेल्या'वरून, जोडीजोडीनं येणाऱ्या पानांमुळे ते पडलं असं सांगतात. जांभळाचं झाड म्हणजे सायझीजियम क्युमिनी आणि लवंगेचं झाड म्हणजे सायझीजियम ॲरोमॅटिकम. सिझिजी हा शब्द आयुष्यात ऐकला नाही म्हणणाऱ्या माणसानंही त्याच्या सावलीत उभं राहून घेतलेलं असू शकतं.

पण प्राणिशास्त्रातला दुसरा अर्थ मला सगळ्यात चक्रावणारा वाटतो. फेदर स्टार नावाचे समुद्री प्राणी असतात, तारामाशांच्या नात्यातले, पिसांसारखे हात असलेले. त्या हातात छोट्या छोट्या चकत्या एकावर एक रचलेल्या असतात, आणि काही ठिकाणी दोन चकत्या मधल्या स्नायूशिवाय नुसत्या तंतूंनी इतक्या घट्ट बसवलेल्या असतात की त्या सांध्याला हालचालच नाही. या सांध्याचं नाव सिझिजी. इथवर ठीक, जू आहे आणि पक्कं आहे. पण माशानं हात पकडला की हा प्राणी तो हात टाकून देतो, आणि तुटतो कुठे तर बहुतेक वेळा याच सिझिजीपाशी. तिथले तंतू त्याला हवं तेव्हा सैल सोडता येतात, जखम लहान राहते आणि हात परत उगवतो. सगळ्यात घट्ट बांधलेली जागा हीच ठरवून सोडायची जागा. शब्द ठेवणाऱ्याच्या मनात फक्त घट्टपणा असणार, प्राण्यानं त्यात सुटकेची सोय केली.

मानसशास्त्रातलं थोडक्यात सांगतो, कार्ल युंगनं माणसाच्या मनातल्या स्त्री आणि पुरुष या दोन अंगांच्या जोडीला सिझिजी म्हटलं. तिथे मला हा शब्द जरा सजावटीचा वाटतो, जोडी म्हटलं असतं तरी भागलं असतं, पण युंगच्या भक्तांना हे पटणार नाही.

इतकं सगळं असून शब्द चालत का नाही? मला वाटतं कारण प्रत्येक ठिकाणी त्याच्यापेक्षा सोपा कुणीतरी हजर असतो. चंद्र पृथ्वीच्या जवळ असताना पौर्णिमा किंवा अमावस्या आली तर त्याला शास्त्रीय नाव आहे पेरिजी-सिझिजी. रिचर्ड नोल या ज्योतिष्यानं, हो खगोलवाल्यानं नाही, भविष्य सांगणाऱ्यानं, १९७९ मध्ये त्याला सुपरमून म्हटलं आणि विषय संपला. पेरिजी-सिझिजी बघायला गच्चीवर चला असं म्हटलं तर कोण येणार.

उलट दुसऱ्या टोकाला, जिथे रेष नसतेच तिथे 'सगळे ग्रह एका रेषेत' ही बातमी ठोकून दिलेली असते. १९७४ मध्ये दोन शास्त्रज्ञांनी चक्क पुस्तक लिहिलं की १९८२ मध्ये ग्रह एका बाजूला जमतील आणि त्यातून कॅलिफोर्नियात मोठा भूकंप होऊ शकेल. १० मार्च १९८२ आला आणि गेला, काही झालं नाही. आणि ते ग्रह तरी कसे जमले होते, तर सूर्यावरून बघता सुमारे ९५ अंशांत पसरलेले. ९५ अंश म्हणजे काटकोनापेक्षा जास्त, याला रेष म्हणायचं तर कंपासपेटी फेकून द्यावी. त्यामानानं १९६२ च्या फेब्रुवारीतली अष्टग्रही, जिनं पुष्कळ लोकांची झोप उडवली होती, ती बरीच दाट होती, सूर्य, चंद्र आणि पाच ग्रह (आठवा केतू) साधारण १६ अंशांत, त्यात ५ तारखेला खग्रास सूर्यग्रहणही, आणि तेव्हाही काही झालं नाही. सगळे ग्रह काटेकोर एका रेषेत कधी येणारच नाहीत कारण त्यांच्या कक्षा एका पातळीतच नाहीत.

आकाशात खरं जू बघायचं असेल तर ते गुरूकडे आहे. आयो, युरोपा आणि गॅनिमिड हे त्याचे तीन चंद्र, गॅनिमिडची एक फेरी होईपर्यंत युरोपाच्या दोन होतात आणि आयोच्या चार. लाप्लास या फ्रेंच गणितज्ञानं दाखवलं की हे तिघं एकमेकांच्या ओढीनं असे अडकलेत की गुरूच्या एकाच बाजूला तिघं एका रेषेत कधीच येऊ शकत नाहीत. युरोपा आणि गॅनिमिड एका बाजूला जुळले की आयो बरोब्बर उलट्या बाजूला, दर वेळी, ठरल्यासारखा. इथे खरोखर कुणीच मोकळं नाही, एक हलला की बाकी दोघांना हिशोब द्यावाच लागतो, पण पुस्तकात हे शोधायला गेलात तर सिझिजीच्या पानावर मिळणार नाही, रेझोनन्सखाली, म्हणजे फेऱ्यांच्या जुळलेल्या तालाखाली, मिळेल.