मुकी दीपमाळ: सावलीचं काम एकदाचं सुरू

नवीन लोकांसाठी थोडक्यात सांगतो. आमच्या रविवारच्या गेमसाठी (टेबलाभोवती बसून गोष्ट रचत खेळायचा तसला) सातघाट नावाचा मनातला मुलूख रचायलोय, त्यात कोरवटचं पठार आहे आणि पठारावर एकटीच उभी असलेली एक दीपमाळ. देऊळ नाही, पार नाही, तिथं जायला धड वाट पण नाही. दिवे कधी लागत नाहीत म्हणून मुकी. आणि तिची सावली उन्हाला जुमानत नाही, ऊन जिकडून येतंय तिकडंच तोंड करून पडते, अमावस्येच्या रात्री पण पडलेली असते. गुराखी म्हणतात ती कुणाला तरी बोट दाखवते. कुणाला ते मी ठरवलेलं नाही आणि ठरवणार पण नाही, गेममधल्या पोरांनी कितीही खोदून विचारलं तरी.

आता त्याच दीपमाळेचं मॉडेल करायलोय. 28 मिमी मिनिएचरच्या, म्हणजे गेममधल्या तेवढ्या उंचीच्या छोट्या माणसांच्या मापात, 45 बाय 45 सेंटीमीटरच्या प्लायवर. दीपमाळ 22 सेंटीमीटर, खरी धरली तर साधारण 40 फूट. आत फोम, दिवे ठेवायचे दगडी हात एम-सीलचे. दगड जांभाच करायचा हे आधीपासून पक्कं होतं, खानापूर-जांबोटीकडं लहानपणापासून तोच बघितलाय. अगरबत्तीच्या टोकानं फोमला हलकंच टोचलं की जांभ्याची भोकं हुबेहूब येतात (गच्चीवर करा, तो धूर लई वाईट). वरून फेविकॉल-पाण्याचा एक हात आणि तांबडी माती चहाच्या गाळणीतून. दिवाळीत किल्ले केलेल्या माणसाला हे काय शिकवायला लागत नाही.

जांभ्याची एक गंमत कथेत पण घेतली. खाणीतून काढताना तो मऊ असतो, तासता येतो, आणि हवा लागली की कडक होत जातो. कोरवटचे लोक म्हणतात ही दीपमाळ अजून पूर्ण कडक झालेलीच नाही, रात्री हात टेकला तर ठसा उठतो. म्हणून खालच्या भागात, मिनिएचरचा हात पोचेल एवढ्या उंचीवर, टाचणीच्या डोक्यानं बारीक बारीक तळवे उठवलेत. सगळे डावे हात. लांबून दिसत पण नाहीत, पण डोळा जवळ नेला की अंगावर येतंय.

आता सावली. ही कल्पना मुळात बेळगावच्या उन्हातून आली. आपण साधारण 15.85 अक्षांशावर, त्यामुळं मेच्या पहिल्या आठवड्यात दुपारी साडेबाराच्या सुमारास सूर्य बरोबर डोक्यावर येतो आणि उभ्या काठीची सावली गायब. ऑगस्टच्या दुसऱ्या आठवड्यात परत तसंच, पण तेव्हा आपल्याकडं आभाळ उघडतंय कुठं. या दोन्हीच्या मधल्या काळात मात्र दुपारची सावली चक्क दक्षिणेला पडते! जूनच्या एकवीस तारखेला एक मीटर काठीची जेमतेम 13 सेंटीमीटर, आणि डिसेंबरात तीच काठी उत्तरेला 82 सेंटीमीटर सावली टाकते. म्हणजे उलटी सावली आपल्या अंगणात पडतेच की, आपणच खाली बघत नाही. मी फक्त ती वर्षभर केली.

पण मॉडेलवर ही भानगड जड आहे. खोलीतली ट्यूब स्वतःची सावली पाडते, रंगवलेली सावली त्यात हरवते आणि एका वस्तूला दोन सावल्या म्हणजे नुसता गोंधळ. म्हणून तीन बाजूंनी खोकं केलंय, वरती एलईडीची पट्टी आणि तिच्याखाली ट्रेसिंग पेपर ताणून. उजेड सगळीकडून सारखा येतो, खरी सावली जवळजवळ उरत नाही आणि मग जी दिसते ती सगळी माझी.

वेळ थंडीतली सकाळ धरली. ऊन आग्नेयेकडून, झुडपं, पडकी भिंत आणि दोन गुराखी यांच्या सावल्या वायव्येला, उंचीच्या दीडपट. या साध्या सावल्यांवरच जास्त वेळ गेला आणि जायलाच पाहिजे होता, बाकीचं सगळं नियमानं चालतंय हे डोळ्याला पटलं तरच दीपमाळ खटकणार. रंगाला काळा हात पण लावू नका. उघड्यावरच्या सावलीत आभाळाचा उजेड असतो, ती निळसर असते. मातीच्याच रंगात थोडा निळा आणि कणभर गडद तपकिरी एवढं पुरतं.

कडा महत्त्वाच्या. सूर्य आपल्याला अर्ध्या अंशाएवढा रुंद दिसतो, त्यामुळं सावलीची कड अंतराच्या साधारण शंभराव्या भागाएवढी पुसट होते. बुडाशी धारदार, शेंड्याकडं मऊ. झुडपांना तसंच केलं. दीपमाळेला मुद्दाम उलटं केलंय, बुंध्याशी पुसट आणि टोकाला ब्लेडसारखी. आमच्या ग्रुपमधल्या एकाला काही न सांगता दाखवलं, तो बराच वेळ बघत बसला आणि म्हणाला, "काय तरी चुकल्यासारखं वाटायलंय रे, पण कुठं ते कळंना." दिशा उलटी आहे हे त्याला नंतर दिसलं, आधी कडच टोचली.

राहिलंय ते गवत आणि दव. गवताला सुताराकडचा भुसा रंगवून वाळत घातलाय, पण या पावसात काही वाळायचं नाव घेत नाही. दवासाठी ग्लॉस वार्निशचे ठिपके, जुन्या टूथब्रशनं उडवून, फक्त दीपमाळेच्या सावलीच्या जागेवर एक पण नाही, तिथं सगळं मॅट. कोरवटात त्या सावलीवर दव धरत नाही ना. तिरकं बघितलं की सगळं पठार चमकेल आणि ती पट्टी तेवढी कोरडी दिसेल असा अंदाज आहे. हिरव्या भुशावर वर्षभरात पिवळं न पडणारं वार्निश कुणी वापरलंय काय? बेळगावात मिळणारं असेल तर बरं, तोपर्यंत गुराख्यांची घोंगडी रंगवून घेतो.