कीबोर्ड लाल झाला की समजावं, आपण गेलो

गेममध्ये आपण मेलो की रंगीत दिव्यांचा कीबोर्ड लाल होतो. एस्केपपासून पार उजवीकडच्या एंटरपर्यंत, सगळाच्या सगळा. त्याआधीही त्याचं काहीबाही चालूच असतं. जीव निम्म्यावर आला की एफच्या बटणांची रांग हिरव्याची पिवळी होते, गोळ्या संपत आल्या की आकड्यांची ओळ एकेक करून विझत जाते, आणि बॉम्ब लावला गेला की कोपऱ्यातलं एखादं बटण लुकलुकायला लागतं. यातली प्रत्येक बातमी पडद्यावर आधीच येऊन गेलेली असते. मी मेलो हे मला पडद्यानं सांगितलेलं असतं, हेडफोननं सांगितलेलं असतं, आणि टीममधल्या मित्रांनी माइकवरून शेलक्या शब्दांत सांगितलेलं असतं. कीबोर्डचा नंबर चौथा.

ही गेमच्या हुकमावर चालणारी रोषणाई मी बंद करून टाकली आहे. दिवे काढलेले नाहीत, दिव्यांवरचा गेमचा हक्क काढून घेतलाय. घरात मात्र बातमी अशी पसरली, की मी आरजीबी, म्हणजे लाल-हिरव्या-निळ्या दिव्यांचा, कीबोर्ड आणला आणि त्याचे दिवे बंद करून वापरतो. सुट्टीत आलेल्या भाच्याला तर हे सहनच झालं नाही. “मामा, मग तू साधाच का नाही घेतलास?” हा त्याचा सवाल बिनतोड होता. पैशांच्या दृष्टीनं तरी.

दिव्यांशी माझं भांडण नाही, हे आधी सांगून टाकतो. उलट मला त्यांचं अप्रूप आहे. या कीबोर्डच्या प्रत्येक बटणाखाली लाल, हिरवा आणि निळा असे तीन इवलेसे एलईडी आहेत. प्रत्येकाच्या तेजाच्या ० ते २५५ अशा २५६ पायऱ्या. तिन्हींचा गुणाकार केला की १,६७,७७,२१६ रंग होतात, आणि खोक्यावर हा आकडा मोठ्या अभिमानानं छापलेला असतो. अबोली, डाळिंबी, मोरपंखी, चिंतामणी, राणी, श्रीखंडी असं म्हणत आपण साड्यांच्या दुकानातून कितीही फिरलो तरी दोन-तीन डझनांत दम लागतो. उरलेले एक कोटी सदुसष्ट लाख रंग बिननावाचेच बटणांखाली बसून आहेत.

आणि हे तीन दिवे एकत्र यायला काय यातायात पडली आहे! डोळ्यांना दिसणारा लाल एलईडी अमेरिकेत निक होलोन्याक यांनी १९६२ मध्येच केला होता. पुढे हिरवाही आला. अडलं ते निळ्यापाशी. निळ्या उजेडासाठी लागणाऱ्या गॅलियम नायट्राइडचे धड स्फटिकच बनेनात. इसामू आकासाकी आणि हिरोशी अमानो नागोया विद्यापीठात त्याच्या मागे लागले होते, शूजी नाकामुरा निचिया नावाच्या कंपनीत. भरपूर उजेड देणारा निळा एलईडी बाजारात यायला १९९३ उजाडलं, म्हणजे लाल दिव्यानंतर तीस वर्षांहून जास्त. या तिघांना भौतिकशास्त्राचं नोबेल मिळालं ते २०१४ मध्ये. योगायोग असा, की त्याच वर्षी कोर्सेअर कंपनीनं चेरी कंपनीच्या आरजीबी स्विचचा, म्हणजे बटणांखालच्या खटक्यांचा, कीबोर्ड आणला, प्रत्येक बटणाला वेगळा रंग देता येणारा. तीन शास्त्रज्ञांनी निम्मं आयुष्य निळ्यासाठी खर्ची घातलं, आणि आम्ही काय केलं, तर मेल्यावर लाल.

गेमचं सुखदुःख कीबोर्डला कळतं कसं, हे शोधायला गेलो तेव्हा गंमत वाटली. काउंटर-स्ट्राइक या गोळीबाराच्या गेमचं उदाहरण घ्या. त्याच्या फोल्डरमध्ये ‘गेमस्टेट इंटिग्रेशन’ अशा नावानं सुरू होणारी एक छोटीशी मजकुराची फाइल ठेवली, की खेळ चालू असताना गेम त्याच कॉम्प्युटरवरच्या दुसऱ्या प्रोग्रॅमला सारखे निरोप धाडत राहतो. जीव किती, चिलखत किती, पैसे किती, बॉम्ब लागला का, फेरी संपली का. कीबोर्डचं सॉफ्टवेअर ते निरोप वाचतं आणि रंग ठरवतं. या निरोपांत एक आकडा आंधळेपणाचाही असतो. समोर फ्लॅशबँग, म्हणजे डोळे दिपवणारा बॉम्ब, फुटला आणि पडदा पांढराफटक झाला, की तुम्ही किती आंधळे झालात हे ० ते २५५ मध्ये कळवलं जातं. हीच दिव्याच्या तेजाचीही मापपट्टी! त्यामुळे पडदा पांढरा होतो त्याच क्षणी कीबोर्डही पांढरा भडकतो. दिसत नाहीये हे दाखवायला एवढा उजेड. ज्यानं हे डोकं लढवलं त्याला माझा नमस्कार आहे, पण लांबून.

कारण त्रास तिथेच आहे. नजरेच्या मधोमध आपण बारकावे पाहतो. डोळ्याच्या कडेचा भाग बारकाव्यांना मंद असतो, पण मंद उजेडात आणि हालचालीला मात्र भलताच तल्लख. अंधाऱ्या खोलीत, पडद्याकडे टक लावलेली असताना, खाली हातांपाशी काहीतरी चमकलं की मान आपोआप खाली जाते. क्षणभरच जाते, पण या खेळांत मरायला तेवढं पुरतं. म्हणजे माझं मरण जाहीर करणारे दिवे ते मरण जवळ आणायलाही हातभार लावतात. मी जाईन तेव्हा माझ्या चुकीनं जाईन, कीबोर्डच्या नको.

या बाबतीत आमची पिढी मुळात अंधारातली. सायबर कॅफेत तासावर पैसे मोजून काउंटर-स्ट्राइक १.६ खेळताना कीबोर्ड पिवळट पांढरा असायचा, आणि डब्ल्यू, ए, एस, डी या चार बटणांवरची अक्षरं झिजून कधीच गेलेली असायची. चांगली मशीन कुठली हे त्यावरूनच ओळखायचं. अक्षरं गेली आहेत, म्हणजे इथे खेळणारे बसतात. बाणांच्या बटणांऐवजी ही चौकडी वापरायची पद्धत रूढ व्हायला डेनिस फाँग, म्हणजे ‘थ्रेश’, या खेळाडूचा बराच हात आहे. क्वेक या गेमच्या १९९७ च्या स्पर्धेत तो जिंकला आणि क्वेककर्त्या जॉन कार्मॅकची लाल फेरारी घेऊन घरी गेला. त्यानंतर बोटं कुठे ठेवायची यावर फारशी चर्चा उरली नाही.

तर बंद करणं. हे एका बटणाचं काम असेल अशी माझी समजूत होती. जिन्यातल्या दिव्याला खाली एक आणि वर एक अशी दोन बटणं असतात, आणि खालच्यानं लावलेला दिवा वरचा विझवतो. इथे तसली तीन निघाली, आणि तिघांनाही आपण घरमालक आहोत असं वाटतं. पहिला मालक स्वतः गेम. त्याच्या पर्यायांत, बहुधा आवाज आणि चित्र यांच्या मध्ये कुठेतरी, रोषणाईची एक ओळ लपलेली असते. काही गेममध्ये तीही नसते. दुसरा मालक कीबोर्ड कंपनीचं सॉफ्टवेअर. लॉजिटेकच्या जी हबमध्ये सेटिंग्जमध्येच एक सरसकट खूण आहे, गेम्सना आणि इतर ॲप्सना दिवे चालवू द्यायचे की नाही याची. रेझरच्या क्रोमा सॉफ्टवेअरमध्ये गेमची यादी असते आणि प्रत्येकाची परवानगी वेगळी काढता येते. स्टीलसीरीजमध्येही गेमगणिक खटका आहे. तिसरा मालक सप्टेंबर २०२३ मध्ये उगवला. विंडोज ११ मध्ये पर्सनलायझेशनखाली ‘डायनॅमिक लायटिंग’ नावाचं नवं पान आलं. वेगवेगळ्या कंपन्यांचे दिवे एकाच जागेवरून चालावेत हा त्यामागचा हेतू, आणि हेतू चांगलाच आहे. पण त्याच पानावर, समोर उघडलेल्या ॲपला दिव्यांचा ताबा द्यायचा का, हाही एक खटका आहे. तो चालू राहिला आणि गेमला त्या पानाची भाषा येत असली, तर कंपनीच्या सॉफ्टवेअरमध्ये तुम्ही काहीही ठरवा, पडद्यावर गेम आला की दिवे त्याचे.

तिघांनाही गप्प केल्यावर चौथा बोलतो, तो म्हणजे कीबोर्ड. त्याच्या पोटात थोडी स्मरणशक्ती असते. वर हुकूम देणारं कुणी उरलं नाही, की तिथे साठवलेला नमुना तो सुरू करतो, आणि कारखान्यातून येताना तिथे हमखास इंद्रधनुष्याची लाट भरलेली असते. त्यातून अनेक मदरबोर्ड कॉम्प्युटर बंद केल्यावरही यूएसबीला वीज देत राहतात. रात्री दोन वाजता पाणी प्यायला उठलेल्या बायकोनं विचारलं, “अरे, तो झोपत नाही का?” मग बायोसमध्ये, म्हणजे कॉम्प्युटरच्या मुळाशी असलेल्या सेटिंग्जमध्ये, शिरून ‘ईआरपी’ नावाचा पर्याय चालू केला, तेव्हा तो झोपायला लागला. वीज वाचवण्याच्या युरोपीय नियमांसाठी केलेली ती सोय आहे. पुण्यातल्या एका बेडरूममध्ये तिचा असा उपयोग होईल हे ब्रसेल्समध्ये कुणाला वाटलं नसेल.

यानंतर जे झालं त्यासाठी खरं तर हा सगळा खटाटोप. दिवे माझ्या ताब्यात आल्यावर त्यांचं करायचं काय, हा प्रश्न आला.

याच कीबोर्डवर मी दिवसभर मराठी टाइप करतो, आणि इनस्क्रिप्ट या भारतीय लिप्यांसाठीच्या बटणांच्या मांडणीतच करतो. रोमन अक्षरांतून मराठी लिहिणाऱ्यांशी माझं वैर नाही, पण ज्यानं एकदा इनस्क्रिप्टची सवय लावून घेतली तो परत फिरत नाही. त्याची मांडणी भारतीय मानक ब्युरोच्या भारतीय लिप्यांसाठीच्या १९९१ च्या इस्की मानकात दिलेली आहे, आणि तिच्यामागचा विचार फार सुरेख आहे. डावा हात मुख्यतः स्वरांचा, उजवा हात व्यंजनांचा. मराठी अक्षरात व्यंजन आणि स्वर आलटून पालटून येतात, त्यामुळे दोन्ही हातांना पाळीपाळीनं काम मिळतं. क जिथे मराठीत आहे तिथेच तो बंगालीत, गुजरातीत आणि मल्याळममध्येही आहे. पुण्यात अप्पा बळवंत चौकाच्या आसपास डीटीपी करणारे जुने लोक टीव्हीएस गोल्ड कीबोर्डच्या टकटकणाऱ्या बटणांवर खाली न बघता पानंच्या पानं बडवत, त्यांना दिव्यांची गरज कधी पडली नाही. मला पडते. बटणांवर छापलेली अक्षरं इंग्रजी आहेत, आणि क्वचित लागणारी चिन्हं ऐन वेळी सापडत नाहीत.

म्हणून डावीकडच्या मात्रा मी हळदी रंगात घेतल्या, उजवीकडची व्यंजनं अगदी मंद पांढऱ्यात. वरच्या रांगेत शिफ्ट धरल्यावर त्र, क्ष, ज्ञ, श्र येतात, त्या चार आकड्यांना डाळिंबी. बाकी सगळं काळं. काहीही हलत नाही, लुकलुकत नाही.

रंग भरताना लक्षात आलं, की डब्ल्यू, ए, एस, डी ही चौकडी तर इथेही आहे, आणि चौघीही डाव्या हाताच्या, स्वरांच्या राज्यात. डब्ल्यूवर दोन मात्रा, ए वर काना-मात्रा, एस वर एक मात्रा. आणि डी वर हलन्त. गेममध्ये डी दाबला की पाय उजवीकडे पडतो, इनस्क्रिप्टमध्ये डी दाबला की अक्षराचा पाय मोडतो. एकाच बटणावर! इतकी वर्षं रात्री ज्या बटणानं मी भिंतीआडून डोकावलो, त्याच बटणानं दिवसा ‘प्रत्यक्ष’ आणि ‘स्वातंत्र्य’ लिहीत होतो, आणि त्या बटणानं कधी घोटाळा केला नाही. गेमच्या रोषणाईत ही चार बटणं बरेचदा सगळ्यात ठळक असतात, बाकीच्यांना फारसं कुणी विचारत नाही. माझ्या रंगसंगतीत त्यांना वेगळा मान नाही. मात्रांच्या घोळक्यात त्या चार हळदी बटणं म्हणून उभ्या आहेत, आणि रात्री खेळतानाही तशाच असतात, कारण मी नमुना बदलत नाही.

एक अडचण सुटलेली नाही. दिवा बटणाला असतो, अक्षराला नसतो. इनस्क्रिप्टमध्ये ल आणि ळ एकाच एनच्या बटणावर राहतात. नुसतं दाबलं तर ल, शिफ्ट धरून दाबलं तर ळ. तसाच जेवर र आणि दुसऱ्या-तिसऱ्यातला ‘ऱ्य’ बनवणारा ऱ. शिफ्टवर बोट गेलं की तेवढ्यापुरता रंग पालटावा, ल चा ळ झालेला बटणावर दिसावा, असं मला हवंय. भाच्याला विचारलं. त्यानं माझ्या कीबोर्डचं सॉफ्टवेअर उघडलं, इकडेतिकडे फिरला, आणि म्हणाला, “होईल मामा, पण त्यासाठी एक छोटा प्रोग्रॅम लिहावा लागेल, आणि त्याला दिव्यांवर ताबा द्यावा लागेल. तू बंद केलेली ती खूण आधी परत चालू कर.”

मी विचार करतोय. दरम्यान त्यानं गेम लावला, दोन मिनिटांत मेला, आणि कीबोर्डकडे बघून म्हणाला, “छे! काहीच झालं नाही.”